नाला म्हणण्याआधी : मिठी नदी आणि तिचे ओढे

पावसाळ्यात एक छोटी बातमी दरवर्षी न चुकता येते. पवई तलाव भरून वाहू लागला. तलाव किती वाजता भरला, त्याची साठवण ५४५ कोटी लिटर आहे, हे त्यात असतं. सोबत सांडव्यावरून फेसाळत उतरणाऱ्या पाण्याचं छायाचित्र असतं. मागेपुढे विहार भरल्याचीही बातमी येते. अंधेरीत, घाटकोपरला, मुलुंडला चहा घेताना ती वाचून माणसांना बरं वाटतं. पाऊस चांगला झाला, यंदाची काळजी मिटली, असं घरात कुणीतरी म्हणतं. त्याच सकाळी कुर्ल्याच्या क्रांतिनगरमध्ये रेशनकार्ड आणि मुलांचे दाखले प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून माळ्यावर चढवले जातात. सांडव्यावरून उतरलेलं पाणी पुढे कुठून जाणार, हे तिथल्या लोकांना सांगावं लागत नाही. ते त्यांच्या दारावरून जातं.

बातमीच्या शेवटी बहुतेक वेळा एक वाक्य असतं : हे पाणी मिठी नदीला जाऊन मिळतं. वाचताना नजर तिथे थांबत नाही. पवईचा सांडवा आणि क्रांतिनगर यांच्यामधली सगळी जमीन, तिच्यावरच्या टेकड्या, ओढे, पूल, मोऱ्या आणि वस्त्या त्या एका वाक्यात मावल्या आहेत. हे पुस्तक त्या वाक्याबद्दल आहे.

मी मरोळला राहतो. आयुष्याची बरीच वर्षं शाळेत भूगोल शिकवला. महाराष्ट्राच्या कोऱ्या नकाशात मुलं गोदावरी, भीमा, कृष्णा भरायची, कोकणात उल्हास आणि वैतरणा काढायची. मुंबईच्या जागी एक ठिपका द्यायची आणि पुढे जायची. नदीचा उगम, उपनद्या, संगम, मुख अशी आकृती मी फळ्यावर शेकडो वेळा काढली असेल. शाळेपासून चालत दहा मिनिटांवर एक नदी वाहत होती. तिचं नाव त्या आकृतीखाली मी एकदाही लिहिलं नाही. मुलंही तिला नदी म्हणत नसत. ती म्हणत, नाल्यापलीकडे राहतो. ही चूक माझी होती. हे पुस्तक लिहायला घेतलं तेव्हा पहिल्यांदा तीच आठवली.

नदी समजून घ्यायची तर पाण्याकडे पाहण्याआधी जमिनीचा उतार पाहायला हवा. त्यासाठी मुंबईकराच्या हातात एक सोपं साधन आहे. वर्सोवा ते घाटकोपर ही मेट्रो ८ जून २०१४ पासून धावते. अकरा किलोमीटरहून थोडं जास्त अंतर, बारा स्थानकं. लोक तिच्यात बसतात ते अंधेरी ते घाटकोपर बसमध्ये जाणारा तास वाचवायला. भर पावसात एकदा खिडकीशी बसून हाच प्रवास पाण्याच्या अंगाने करून पाहा. वर्सोव्याकडून अंधेरीपर्यंत जो पाऊस पडतो तो पश्चिमेला वाहतो. मोगरा नाला हा त्याचा एक मोठा रस्ता, आणि अंधेरीचा सबवे दर पावसाळ्यात का तुंबतो याचं उत्तरही तिथेच आहे. द्रुतगती मार्ग ओलांडून गाडी चकाल्याकडे निघते आणि मरोळ नाक्याला पोचेपर्यंत कुठेतरी खालच्या पाण्याची दिशा बदलते. ती रेषा रस्त्यावर दिसत नाही. पण मरोळ नाका आणि साकीनाका यांच्यामध्ये काळपट पाण्याचा पट्टा दिसतो. ती मिठी. तिथून गाडी असल्फ्याच्या टेकडीकडे चढते, डोंगरउतारावरची घरं खिडकीच्या उंचीला येतात, आणि पलीकडे घाटकोपरला उतरलो की पुन्हा पाणी बदललेलं असतं. घाटकोपरचा पाऊस पूर्वेला ठाण्याच्या खाडीत जातो. वीसएक मिनिटांत आपण तीन वेगळ्या पाणलोटांवरून गेलेलो असतो.

कौलारू घराचं आढं असतं, तसं हे आहे. आढ्याच्या अलीकडे पडलेला थेंब अंगणात येतो, पलीकडे पडलेला परसात जातो. थेंबांमधलं अंतर वीतभर असतं, पण ते पुन्हा भेटत नाहीत. उपनगरांच्या मध्यावरून उत्तर-दक्षिण गेलेली डोंगररांग हे साष्टी बेटाचं आढं आहे. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात ती साडेचारशे मीटरच्या वर चढते. कान्हेरीची लेणी याच डोंगरांत खोदलेली आहेत. या आढ्यावरून पश्चिमेला दहिसर, पोयसर आणि ओशिवरा अशा तीन नद्या उतरतात आणि थोडं अंतर कापून खाड्यांना मिळतात. पूर्वेला मुलुंड, भांडुप, विक्रोळी, घाटकोपर या बाजूंनी नुसते आखूड ओढे उतरतात. त्यांच्यातल्या कुणालाही नदी हे नाव मिळालेलं नाही.

मिठी या सगळ्यांहून वेगळी निघाली. ती पश्चिमेलाही गेली नाही, पूर्वेलाही नाही. पश्चिमेला आरे आणि महाकाली गुंफांच्या बाजूचा उंचवटा, पूर्वेला पवई-विक्रोळी-घाटकोपरच्या टेकड्या, या दोहोंच्या मधल्या सखल पट्ट्यातून ती दक्षिणेला उतरत गेली आणि शेवटी पश्चिमेला वळून माहीमच्या खाडीत शिरली. म्हणून ती चौघींत लांब आहे, जवळपास १८ किलोमीटर. दोन्ही अंगांच्या टेकड्यांचं पाणी तिच्याच वाट्याला येतं. तिचं पाणलोट क्षेत्र सुमारे ७३ चौरस किलोमीटरचं आहे. मराठवाड्यातल्या माणसाला हा आकडा सांगितला तर तो याला ओढ्याचं शिवार म्हणेल. पण या एवढ्या शिवारात मुंबईचा विमानतळ आहे, आयआयटी आहे, साकीनाक्याच्या कारखान्यांचे गाळे आहेत, वांद्रे-कुर्ला संकुल आहे आणि धारावी आहे.

नकाशात मिठीचा उगम विहार तलावापाशी दाखवतात. ते बरोबर आहे, पण अर्धवट. नदीचं मूळ डोकं विहार तलावाखाली बुडालेलं आहे. मुंबई बेटावरच्या विहिरी आणि तळी वाढत्या शहराला पुरेनाशी झाली, तेव्हा हेन्री कॉनिबेअर या अभियंत्याच्या योजनेनुसार विहारच्या खोऱ्यात बांध घालायचं ठरलं. त्या काळच्या इंग्रजी कागदांत हे गोपर नदीचं खोरं आहे. काम १८५६ साली सुरू झालं आणि १८६० साली विहारचं पाणी नळाने शहरात पोचलं. तेही पुरेना म्हणून वरच्या अंगाला तासो नावाच्या ओढ्यावर बांध घालून तुळशी तलाव झाला, १८७९ साली, आणि तुळशीचं पाणी विहारकडे वळवलं गेलं. त्यानंतर १८९० च्या सुमारास पवई झाला. पवईचं पाणी पिण्याच्या लायकीचं निघालं नाही. ते आजही उद्योगांना आणि आरे वसाहतीला दिलं जातं.

तीस-पस्तीस वर्षांत तीन तलाव. शहराच्या पाण्याचा इतिहास सांगणारे इथे थांबतात आणि अभियंत्यांचं कौतुक करतात. कौतुक रास्तच आहे. पण नदीच्या बाजूने पाहिलं तर या तीस वर्षांत तिचा स्वभाव बदलला. विहारचं पाणलोट सुमारे १९ चौरस किलोमीटर, पवईचं साडेसहाच्या वर. म्हणजे मिठीच्या खोऱ्याचा तिसरा भाग, तोही डोंगराळ आणि सर्वांत स्वच्छ, भिंतीच्या मागे गेला. याचा परिणाम वर्षभर सारखा नसतो, आणि मला वाटतं मिठीबद्दल बोलताना हीच गोष्ट सर्वांत कमी बोलली गेली आहे. जूनमध्ये पहिला जोराचा पाऊस पडतो तेव्हा डोंगरातलं सगळं पाणी तलाव पोटात घेतात. नदीला वरून काही मिळत नाही. तलाव एकदा भरले की डोंगरात पडलेला प्रत्येक थेंब सरळ सांडव्यावरून खाली येतो. मिठीला असे दोन पावसाळे असतात, एक तलाव भरण्याआधीचा आणि एक नंतरचा, आणि भीती दुसऱ्याची असते. पावसाळा संपला की सांडवा कोरडा होतो. वरून मुद्दाम पाणी सोडायची सोय नाही. मग नोव्हेंबर ते मे मिठीतून जे वाहतं ते कुठून येतं? ते आपल्या मोऱ्यांतून येतं, संडासांतून येतं, धुलाईच्या आणि रंगाच्या गाळ्यांतून येतं. उन्हाळ्यात पुलावर उभं राहून नदी घाण झाली असं आपण म्हणतो तेव्हा त्या पात्रात नदीचं पाणी जवळजवळ नसतंच.

आता ओढ्यांकडे वळतो. पुस्तकाची जवळजवळ सगळी पानं त्यांनी व्यापली आहेत.

कोकणात वाहत्या पाण्याला किती नावं आहेत! पावसात उतारावरून निसटतं ते ओहोळ. दगडांतून वाट काढत येतो तो पऱ्ह्या. गावाजवळून जाणारा, बायकांच्या धुण्याचा आणि पोरांच्या डुंबण्याचा, तो वहाळ. समुद्राचं पाणी आत येऊन जमीन खारट करतं ते खाजण, आणि मीठ पिकवतात ती आगरं. साष्टी हे कोकणच आहे, तेव्हा ही नावं इथेही नांदत होती. मिठीला येऊन मिळणारे ओढे आज कागदोपत्री कसे ओळखले जातात पाहा : सफेद पूल नाला, जरीमरी नाला, कृष्णनगर नाला, वाकोला नाला. काहींना तर शेजारच्या हॉटेलचं नाव आहे. ओढ्याचं नाव गेलं आणि त्याच्या काठावर जे बांधलं त्याचं नाव त्याला लागलं.

नाला हा शब्द मुळात वाईट नाही. विदर्भात आजही शेताच्या कडेने वाहणाऱ्या नितळ ओढ्याला नालाच म्हणतात, गुरं तिथे पाणी पितात. मुंबईत तो शब्द गटाराच्या अर्थाने रुजला. तो रुजला म्हणून काय काय सोपं झालं ते मोजून पाहावं. ओढ्यात कचरा टाकताना हात अडखळतो, नाल्यात टाकताना अडखळत नाही. ओढ्याला दोन्ही काठ लागतात, पावसाळ्यात पसरायला जागा लागते. नाल्याला काँक्रीटच्या दोन भिंती पुरतात, वर झाकण घातलं की त्यावर दुकानं उभी राहतात. एप्रिल-मे महिन्यांत नालेसफाईच्या बातम्या येतात, अमुक टक्के गाळ काढला म्हणून. ओढ्याचा गाळ म्हणजे डोंगरातून आलेली माती आणि रेती. ती दरवर्षी येणारच, तो ओढ्याचा धर्म आहे. तिच्यात मिसळलेला आपला कचरा हा वेगळा प्रश्न आहे. दोन्हींना एकाच टोपलीत भरून टनावर मोजलं, की ओढा कुठून येतो हा प्रश्न विचारायची गरजच राहत नाही.

जूनच्या शेवटी एका सकाळी आरेमधल्या एका पाड्याजवळ मी ओढ्यात उतरलो होतो. घोट्याएवढं पाणी, खाली काळा खडक, खडकाच्या खोबणीत बेडकांची पिल्लं. काठावर टाकळा गुडघ्याएवढा वाढला होता. एक वारली बाई दगड उलटून मुठे धरत होती. मुठे म्हणजे गोड्या पाण्यातले खेकडे. पाटीत सातआठ जमले होते, त्यांच्यावर तिने ओली पानं झाकली होती. मी विचारलं, मावशी, या नाल्याचं नाव काय? ती म्हणाली, नाला कसला, वहाळ आहे हा. पाणी कुठून येतं विचारलं तर तिने हात करून वरची टेकडी दाखवली आणि एक जांभूळ दाखवलं. त्याच्या खालून निघतं, म्हणाली. आणि जातं कुठं? ती दगडाखाली बोटं घालतच म्हणाली, खाली. कुर्ल्याला.

तिने दोन वाक्यांत जे सांगितलं ते मला शिकवायला वर्ष लागायचं. मग मी त्याच पाण्याच्या कडेने खाली चालत निघालो. रस्ता आला तिथे ओढा एका पाइपात शिरला. पाइपाच्या अलीकडे पाणी मातकट, पण त्यात हात घालता येत होता. पलीकडे बाहेर पडला तेव्हा दोन गल्ल्यांचं सांडपाणी त्याला मिळालं होतं आणि कडेला पांढरा फेस जमला होता. पुढच्या वळणावर भिंती सुरू झाल्या. तिथल्या टपरीवर चहा घेताना नाव विचारलं तर चहावाला म्हणाला, याला नाव कसलं, नाला आहे. वहाळाचा नाला व्हायला अर्धा तास लागला होता, माझ्या चालीने.

आरेच्या या भागाबद्दल थोडं अधिक बोलायला हवं. १९४९ साली दूध वसाहतीसाठी घेतलेली ही जमीन गोठे आणि गवताची कुरणं यांसाठी ओळखली जाते. तिचा एक उतार ओशिवऱ्याला जातो, एक मिठीला. मेट्रोच्या कारशेडवरून जो वाद झाला, ज्यासाठी २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये एका रात्रीत झाडं कापायला सुरुवात झाली, ती जागा मिठीच्या काठची आहे. त्या वादात झाडांबद्दल पुष्कळ बोललं गेलं आणि ते योग्यच होतं. पण झाडाखालची जमीन पाणी जिरवते आणि पूर आला की काही काळ धरून ठेवते, ही गोष्ट त्या गलक्यात मागे पडली. तलावांच्या खाली, वस्तीच्या वर, मिठीला पसरायला उरलेली ही शेवटची जागा आहे. माझं मत विचाराल तर तिथे एक वीटही रचायला नको होती.

मरोळच्या खाली नदी विमानतळाशी येते. धावपट्टी सरळ हवी म्हणून नदीला वाकावं लागलं. काही वळणं काटकोनात आहेत आणि काही ठिकाणी ती धावपट्टीच्या खालून जाते. नदी वळण घेते तेव्हा एक काठ खाते आणि दुसऱ्या काठाला माती लावते. तिचं वळण गोल असतं आणि दरवर्षी थोडं सरकतं. काटकोन हा माणसाचा आकार आहे. तिथे पाणी भिंतीवर आदळतं, वेग हरवतं, गाळ टाकतं, आणि मागचं पाणी चढत जातं. जरीमरी, बैलबाजार, क्रांतिनगर या वस्त्या याच टप्प्याच्या आसपास आहेत. तिथली माणसं पुराला जबाबदार आहेत असा सूर शहरात नेहमी लागतो, पात्रात झोपड्या बांधल्या म्हणून. पात्र आधी कुणी आणि कशासाठी अरुंद केलं, याचा क्रम नीट लावला तर झोपडी त्यात शेवटी येते.

कुर्ल्याला पोचलो की गोडं पाणी संपत आलेलं असतं. कुर्ला हे नाव कुर्ल्यांवरून, म्हणजे खेकड्यांवरून आलं असं सांगतात, आणि ही जागा पाहिली की ते पटतं. भरतीचं पाणी इथवर मागे येतं. इथून खाली मिठी ही नदी कमी आणि खाडी जास्त. उतार जवळजवळ नाही. पाणी पुढे जायचं तर ओहोटीची वाट पाहावी लागते. धारावीच्या कोळीवाड्यातल्या माणसाला हे कुणी शिकवलं नव्हतं. उधाणाचे दिवस आणि भांगाचे दिवस तो तिथीवरून सांगतो. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास भरती मोठी, अष्टमीच्या आसपास लहान. मुसळधार पाऊस आणि उधाणाची भरती एका वेळी आली, तर वरचं पाणी उतरायला आणि खालचं चढायला एकच दार उरतं.

ते दारही लहान होत गेलं. माहीमचा कॉजवे १८४५ साली झाला. जमशेटजी जीजीभॉय यांच्या पत्नी आवाबाई यांनी त्याचा खर्च दिला. त्याआधी होडीतून उतरणाऱ्या माणसांचे हाल होत, तेव्हा त्यांचं दातृत्व मोठंच होतं. पण भरावाने मुखाला बांध पडला. पुढे सव्वाशे-दीडशे वर्षांत दोन्ही काठांची खाजणं भरत गेली. १९७७ पासून वांद्रे-कुर्ला संकुलाची आखणी सुरू झाली. ३७० हेक्टर, बहुतेक दलदलीची जमीन. सांताक्रूझ पूर्वेचं आणि कालिन्याच्या बाजूचं पाणी घेऊन येणारा वाकोला नाला याच संकुलात मिठीला मिळतो. हा तिचा खालच्या अंगाचा सर्वांत मोठा सोबती. काचेच्या इमारतींमधून त्याच्या भिंती जातात, आणि तिथे रोज कामाला येणाऱ्या हजारो माणसांपैकी फार थोड्यांना हा संगम आहे हे ठाऊक असेल. आपल्याकडे दोन नद्या मिळतात तिथे देऊळ बांधतात, घाट बांधतात. इथे कठडाही असा उंच की पाणी दिसत नाही.

थोडं पुढे, धारावीच्या बाजूला, महाराष्ट्र निसर्ग उद्यान आहे. पूर्वी ते शहराच्या कचऱ्याचं मैदान होतं. त्यावर माती घालून झाडं लावली आणि १९९४ साली ते लोकांना खुलं झालं. या पुस्तकासाठी मी जिथे जिथे बसून लिहिलं त्यांत ही जागा सगळ्यांत आवडती. तिथून खारफुटीच्या पलीकडे मिठी दिसते, भरतीला उलटी वाहणारी.

२६ जुलै २००५ बद्दल लिहिल्याशिवाय मिठीची प्रस्तावना पुरी होत नाही. त्या दिवशी सांताक्रूझच्या वेधशाळेत २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. जुलैच्या अख्ख्या महिन्याची सरासरीही याहून कमी आहे. कुलाब्याला त्याच वेळी ७३ मिलिमीटर. म्हणजे दक्षिण मुंबईत साधा पावसाळी दिवस आणि इकडे आकाश फाटलेलं. मी त्या रात्री शाळेच्या वरच्या मजल्यावर सव्वाशे मुलांबरोबर होतो. खालच्या वर्गांत बाकं तरंगत होती. ती रात्र इथे सांगत बसत नाही. एक हिशेब मात्र मांडतो, कारण तो फळ्यावर करण्यासारखा आहे. एक चौरस किलोमीटरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे दहा लाख लिटर पाणी. मिठीच्या ७३ चौरस किलोमीटरांवर सगळीकडे सांताक्रूझएवढाच पाऊस झाला असं धरलं, तर एका दिवसात सुमारे ६,९०० कोटी लिटर पाणी झालं. विहारची साठवण २,७७० कोटी लिटरच्या आत, तुळशीची साधारण ८०५ कोटी, पवईची ५४५ कोटी. तिन्ही तलाव कोरडे ठणठणीत असते तरी ते सगळं पाणी त्यांच्यात मावलं नसतं. आणि जुलैच्या शेवटी तलाव कोरडे नसतात.

त्यानंतर माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली गेली. मिठी नदी विकास व संरक्षण प्राधिकरण स्थापन झालं. नदीची वाटणीही झाली : वरचे ११.८४ किलोमीटर महापालिकेकडे, खालचे सहा मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे (एमएमआरडीए). पात्र रुंद झालं, खोल झालं, मैलोन्मैल भिंती उभ्या राहिल्या. त्याचा काहीच उपयोग झाला नाही असं मी म्हणणार नाही. पण कामाचा सगळा विचार पात्रापुरता राहिला. पूर पात्रात दिसतो, तयार होतो तो खोऱ्यात. चाळीचं अंगण फरसबंदी झालं, टेकडीवरचं गवत जाऊन टॉवर आला, ओढ्यावर झाकण पडलं, की तोच पाऊस पूर्वी दोन तासांत यायचा तो वीस मिनिटांत येऊ लागतो. मुंबईची पर्जन्यजलवाहिन्यांची जुनी व्यवस्था तासाला २५ मिलिमीटर पावसाचा हिशेब करून बांधलेली होती. ती दुप्पट करायची शिफारस १९९३ च्या ब्रिमस्टोवॅड अहवालात झाली. वाहिनी दुप्पट करता येते. पण खोऱ्यात पाणी जिरणारी जागा त्याच वेगाने घटत गेली तर ती दुप्पट पुन्हा कमीच पडते.

मुंबई बुडाली त्याच वर्षी, २००५ च्या शरदात, दक्षिण कोरियातल्या सोल शहराने चंगेचन नावाचा ओढा पुन्हा उघडा केला. त्याच्यावर झाकण होतं आणि झाकणावर उड्डाणमार्ग होता. तो मार्ग पाडून जवळपास सहा किलोमीटर ओढा मोकळा केला. आज त्यातलं बरंच पाणी पंपाने आणून सोडावं लागतं, तेव्हा त्याला पूर्ण नदी म्हणावं का, यावर तिथेही वाद आहे. मला त्यातली एकच गोष्ट घ्यावीशी वाटते. झाकण काढता येतं.

मराठी कानाला मिठी म्हटलं की गळाभेट आठवते. जुन्या नकाशांत खालच्या अंगाला ती माहीमची नदी आहे, वरच्या अंगाला गोपर. अठरा किलोमीटरच्या नदीला प्रत्येक गावाने आपलं नाव दिलं होतं. गंगेलाही कुठे भागीरथी म्हणतात, कुठे हुगळी. जिथे नदी रोज लागते तिथे लोक तिला घरचं नाव ठेवतात. मला त्या घरच्या नावांची ओढ आहे, आणि पुस्तकात ती जिथे जिथे सापडली तिथे मी जाड ठशात छापायला सांगितली आहेत.

पुस्तकाची रचना मुखाकडून उगमाकडे नाही आणि उगमाकडून मुखाकडेही नाही. प्रत्येक प्रकरण एका ओढ्याचं आहे. तो जिथे टेकडीवर सुरू होतो तिथून मिठीला मिळतो तिथवर. मिठीवर स्वतंत्र प्रकरण नाही. सगळे ओढे वाचून झाले की ती आपोआप तयार होते, जशी ती जमिनीवर होते. काही प्रकरणं लांबली आहेत, काही दोन पानांत आटोपली आहेत. जिथे ओढा पूर्ण झाकला गेला आणि वरून चालताना कुठेच दिसला नाही, तिथे फुगवून लिहायचं मी टाळलं. नकाशे हाताने काढले आहेत. उतार बाणांनी दाखवले आहेत, म्हणजे शाळेतल्या मुलालाही आपल्या इमारतीवर पडलेला पाऊस कुठे जातो ते बोट ठेवून सांगता येईल.

वाचकांना एक विनंती आहे. नकाशांत पुष्कळ ओढे बिननावाचे आहेत. चांदिवली, मरोळ, कोळे-कल्याण, वाकोला, कुर्ला, आरेचे पाडे इथे जुनी माणसं अजून आहेत, ज्यांनी त्या पाण्यात कपडे धुतले, मासे धरले, ओलांडून शाळा गाठली. तुमच्या घरात किंवा शेजारी असं कुणी असेल तर त्यांच्याजवळ बसून विचारा : इथल्या वहाळाला काय म्हणायचे? मिळालेलं नाव, जागा आणि सांगणाऱ्याचं वय एका कार्डावर लिहून प्रकाशकांच्या पत्त्यावर पाठवा. पुढच्या आवृत्तीत ते नकाशावर येईल.